हॉल तिकिटाचा वाद पर्वरीपर्यंत का जातो?

सत्र संपत आले की महाविद्यालयाच्या फलकावर एक कागद लागतो. त्यावर नुसते रोल नंबर आणि विषयवार हजेरी. 75 टक्क्यांच्या खाली असेल त्याला हॉल तिकीट नाही. वाळपईहून कदंबा पकडून पणजीला येणाऱ्या मुलाची बस रोज दहा मिनिटे उशिरा पोचते, हजेरी तोवर घेऊन झालेली असते. पहिल्या तासाच्या विषयात तो 68 वर अडकतो आणि बाकी विषयांत ऐंशीच्या वर असतो. परीक्षा चार दिवसांवर आलेली. आधी प्राचार्य, मग विद्यापीठ, शेवटी वकील आणि पर्वरीचे उच्च न्यायालय.

या वाटेचा इतिहास गोव्यात फार जुना नाही. मुक्तीनंतर 1962 मध्ये पणजीला धेंपे आणि मडगावला चौगुले महाविद्यालय सुरू झाले. दोन्ही मुंबई विद्यापीठाशी संलग्न, म्हणजे परीक्षेला कोण बसणार याचे नियम मुंबईत ठरायचे. न्यायालयही तेव्हा ज्युडिशियल कमिशनरचे, उच्च न्यायालयाच्या जागी असलेले. 30 ऑक्टोबर 1982 रोजी मुंबई उच्च न्यायालयाचे पणजी खंडपीठ सुरू झाले, 1984 मध्ये गोवा विद्यापीठाचा कायदा झाला आणि जून 1985 पासून विद्यापीठ चालू झाले. तीनच वर्षांत नियम करणारा आणि त्याचा न्याय करणारा असे दोघेही गोव्यात आले. आज विद्यापीठ ताळगावच्या पठारावर आणि 2021 पासून उच्च न्यायालय पर्वरीला, मध्ये मांडवी.

निकालांची परंपरा मात्र देशभरची. 1975 मध्ये कुरुक्षेत्र विद्यापीठाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नोकरी सांभाळून कायदा शिकणाऱ्या एका विद्यार्थ्याच्या बाजूने कौल दिला. त्याची हजेरी कमी होती, पण विद्यापीठाने अर्ज वेळेत तपासला नाही आणि त्याला परीक्षेला बसू दिले. त्याने काही लपवले नसेल तर नंतर उमेदवारी रद्द करता येणार नाही, असे न्यायालय म्हणाले. पुढे सूर कडक झाला. विद्यापीठाला स्वतःचाच कायदा मोडण्याचा आदेश न्यायालय देऊ शकत नाही, हे 1986 मध्ये आंध्रच्या एका वैद्यकीय महाविद्यालयाच्या खटल्यात स्पष्ट झाले. 2003 मध्ये केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाच्या (सीबीएसई) एका प्रकरणातही अपात्र विद्यार्थ्याला अंतरिम, म्हणजे खटला चालू असताना दिलेल्या तात्पुरत्या आदेशावर परीक्षेला बसू देऊन नंतर त्याच्याविषयीच्या सहानुभूतीपोटी निकाल देण्याच्या पद्धतीवर सर्वोच्च न्यायालयाने नापसंती दाखवली.

या अंतरिम आदेशातच सगळी गुंतागुंत आहे. परीक्षा उद्या असते, त्यामुळे न्यायाधीशांना गुणदोषांत जायला वेळ नसतो. मग तात्पुरती परवानगी मिळते आणि परीक्षेचा निकाल राखून ठेवला जातो. मुलगा पेपर लिहितो, पुढच्या वर्गात बसतो, आणि याचिका फेटाळली गेली तर लिहिलेले पेपर वाया जातात. माझ्या मते यात सर्वाधिक नुकसान त्याचेच होते. आधीच बसू दिले नसते तर निदान पुढच्या सत्राची तयारी तरी झाली असती.

कायद्याच्या विद्यार्थ्यांवर आणखी एक नियम असतो, बार कौन्सिलचा, म्हणजे वकिलीचे आणि कायद्याच्या शिक्षणाचे नियम करणाऱ्या संस्थेचा. पूर्वी 66 टक्के हजेरी पुरायची. 2008 च्या नियमांनी ती 70 केली आणि अपवादात्मक कारण असेल तर 65 पर्यंत सूट ठेवली. दिल्लीत हजेरीअभावी परीक्षेला बसू न दिलेल्या एका विधी विद्यार्थ्याने 2016 मध्ये आत्महत्या केली. त्या प्रकरणात दिल्ली उच्च न्यायालयाने नोव्हेंबर 2025 मध्ये, केवळ हजेरी कमी म्हणून कायद्याच्या विद्यार्थ्याला परीक्षेपासून रोखू नये, असा निर्णय दिला. हजेरी किती आहे हे विद्यार्थ्याला आणि पालकांना वेळोवेळी कळवावे आणि कमी भरत असेल तर जादा तास घ्यावेत, हेही त्यात आले. दिल्लीचा निकाल गोव्यावर आपोआप बंधनकारक होत नाही, पण तो इथल्या याचिकांत दाखवता येतो.

हजेरी वेळोवेळी कळवणे मला सगळ्यात मोलाचे वाटते. गणेश चवथीच्या सुट्टीआधीच त्या मुलाला कळले असते की एका विषयात आपण मागे पडतोय, तर तो एक बस आधीची पकडू शकला असता. परीक्षेचा अर्ज कित्येक आठवडे आधी भरला जातो. छाननी तेव्हाच व्हायला हवी, हे 1975 च्या निकालातही होते. यादी मात्र अजूनही अनेकदा हॉल तिकिटांच्या आठवड्यातच लागते.