नॉमिनीचं नाव आणि वारसाचा हक्क

गृहनिर्माण संस्थेतला सभासद वारला की घरात पहिला प्रश्न निघतो, ‘नॉमिनी कोण?’ ज्याचं नाव फॉर्मवर असतं तो निश्चिंत होतो, बाकीचे गप्प बसतात. पुढे वर्षा-दोन वर्षांनी फ्लॅट विकायची वेळ आली की कोर्टकचेरी सुरू होते. नॉमिनी म्हणजेच मालक ही समजूत महाराष्ट्रात इतकी घट्ट का रुजली, हे कळायला सहकारी गृहनिर्माणाच्या सुरुवातीपर्यंत मागे जावं लागतं.

मुंबईत गावदेवीला सारस्वत गृहनिर्माण संस्था 1915 मध्ये उभी राहिली. रावबहादूर तल्माकी यांच्या पुढाकारातून झालेली ही या इलाख्यातली पहिली सहकारी गृहसंस्था. त्या काळच्या अशा संस्थांमध्ये जमीन संस्थेची, इमारतही संस्थेचीच. सभासदाच्या हाती असायचे थोडे शेअर आणि त्यांच्या जोरावर खोल्यांत राहण्याचा हक्क. म्हणजे सभासद गेला की कागदोपत्री मागे उरायचा तो शेअर, आणि घर त्या शेअरला बांधलेलं.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 मधलं कलम 30 याच चौकटीतून आलं. मृत सभासदाचा भाग किंवा हितसंबंध नामनिर्देशित व्यक्तीच्या, म्हणजे नॉमिनीच्या, नावे करावा. नामनिर्देशन नसेल तर समितीला जो वारस किंवा कायदेशीर प्रतिनिधी वाटेल त्याच्या नावे करावा, असं ते सांगतं. हे कलम फक्त गृहसंस्थांसाठी नव्हतं. पतपेढी, दूध संस्था, साखर कारखाना, सगळ्यांना तेच लागू. त्याच कलमाच्या शेवटी असलेली तरतूद मात्र सहसा कुणी वाचत नाही: संस्थेने या कलमाप्रमाणे केलेलं हस्तांतर, संस्थेकडे दुसऱ्या कुणी केलेल्या मागणीविरुद्ध वैध राहील. माझ्या मते सगळ्या विषयाची किल्ली इथे आहे. वारसांचा वाद मिटेपर्यंत मेंटेनन्स कुणाकडून घ्यायचा, सभेची नोटीस कुणाला द्यायची, यासाठी संस्थेला एक माणूस हवा होता, आणि त्याच्याशी व्यवहार केल्याबद्दल संस्थेला कुणी जबाबदार धरू नये, एवढीच ती सोय. बापाची इस्टेट कुणाची, हे ठरवायचं काम कायद्याने सोसायटीच्या समितीला दिलेलंच नव्हतं.

पण घरांचं रूप बदलत गेलं. 1963 मध्ये मालकी हक्काच्या सदनिकांचा कायदा, म्हणजे मोफा, आला. लोक बिल्डरकडून फ्लॅट विकत घेऊ लागले आणि संस्था नंतर स्थापन होऊ लागल्या. सोसायटीतल्या फ्लॅटवरचा सभासदाचा हक्क हस्तांतर करता येतो आणि जप्तही होऊ शकतो, असं सर्वोच्च न्यायालयाने 1975 मध्ये रमेश हिम्मतलाल शाह खटल्यात सांगितलं. पन्नास रुपये दर्शनी किमतीच्या शेअरमागे आता लाखांची, पुढे कोटींची मालमत्ता उभी होती. नॉमिनेशनचा फॉर्म मात्र तोच राहिला. सभासदाने तो एकदा भरून सेक्रेटरीकडे द्यायचा आणि विसरून जायचं. मृत्युपत्राला दोन साक्षीदारांसमोर सही लागते, आणि विचारही लागतो. घाईत भरलेल्या या फॉर्मलाच घरोघरी मृत्युपत्राचं वजन आलं.

न्यायालयांनी हा गैरसमज दूर करायचा प्रयत्न बराच आधी केला होता. विम्याच्या पैशाबाबत सर्वोच्च न्यायालयाने सरबती देवी खटल्यात डिसेंबर 1983 मध्ये स्पष्ट केलं, की नॉमिनी रक्कम स्वीकारतो, पण ती वारसांची असते. सोसायटीतल्या फ्लॅटबद्दल मुंबई उच्च न्यायालयही त्याच सुमारास याच निष्कर्षाला आलं होतं. मग 2016 मध्ये पश्चिम बंगालमधल्या इंद्राणी वाही खटल्याचा निकाल आला आणि पुन्हा गोंधळ उडाला. तिथल्या कायद्यानुसार संस्थेने नॉमिनीच्याच नावे हस्तांतर केलं पाहिजे, असं सर्वोच्च न्यायालय म्हणालं, आणि तेवढंच सर्वत्र पसरलं. बाकी कुटुंबीयांना वारसाहक्कासाठी दाद मागण्याची मोकळीक त्याच निकालात ठेवलेली आहे, हे मागे पडलं.

या समजुतीत नुकसान कुणाचं झालं, हे सांगायलाच हवं. हिंदू वारसा कायद्याने 1956 पासून, मृत्युपत्र न करता गेलेल्या पुरुषाच्या स्वकष्टार्जित मालमत्तेत विधवा, मुलगे, मुली आणि त्याची आई यांना पहिल्या वर्गाचे, म्हणजे सगळ्यांत आधी हिस्सा मिळणारे, वारस मानलं आहे. फॉर्मवर नाव थोरल्या मुलाचं, म्हणून लग्न झालेल्या बहिणीला ‘तुझा काही संबंध नाही’ असं सांगितलं जातं, आणि ती ते खरं मानते. मृताच्या म्हाताऱ्या आईचा हिस्सा तर कुणाच्या लक्षातही नसतो.

अखेर 2019 मध्ये महाराष्ट्राने सहकार कायद्यात गृहनिर्माण संस्थांसाठी स्वतंत्र प्रकरण घातलं. त्यातलं कलम 154ब-13 सांगतं, की नॉमिनीला तात्पुरता सभासद करून घ्यायचं, तेही खरे वारस किंवा मृत्युपत्राने हक्कदार ठरलेली व्यक्ती सभासद होईपर्यंत. हस्तांतराचा आधार म्हणून मृत्युपत्र, उत्तराधिकार प्रमाणपत्र, वारस प्रमाणपत्र किंवा वारसांनी केलेली कौटुंबिक व्यवस्थेची कागदपत्रं, असे पर्याय त्यात नमूद आहेत. पुढे डिसेंबर 2023 मध्ये कंपन्यांच्या शेअर्सबाबत सर्वोच्च न्यायालयाने, नामनिर्देशन हा वारसाहक्काचा वेगळा मार्ग नाही, असा निर्वाळा दिला.

‘तात्पुरता’ म्हणजे किती दिवस, याची मुदत मात्र 154ब-13 मध्ये घातलेली नाही. वारसांनी कागद आणलेच नाहीत तर नॉमिनीचं नाव वर्षानुवर्षं तसंच राहू शकतं, आणि एक पिढी आणखी गेली की त्याच फ्लॅटला वारसांची दुसरी फळी लागते.