एसपीएफ ५० म्हणजे दिवसभराची हमी नव्हे
सकाळी एसपीएफ ५० चे सनस्क्रीन लावले की संध्याकाळपर्यंत काळजी नाही, हा समज गोव्यातही खोलवर रुजला आहे. प्रत्यक्षात तो आकडा तासांचा नसून मुख्यत्वे यूव्हीबी, म्हणजे त्वचा भाजणाऱ्या अतिनील किरणांपासून मिळणाऱ्या संरक्षणाचा आहे, आणि तेही पुरेसा जाड थर दिला तरच मिळते. एसपीएफ ३० सुमारे ९७ टक्के, तर ५० सुमारे ९८ टक्के यूव्हीबी अडवते. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात घामाने डबडबलेला चेहरा पुसला की तो थर रुमालावर उतरतो, हे फार थोड्यांच्या लक्षात येते. म्हणून उन्हात असताना दर २ तासांनी, आणि मिरामारच्या समुद्रात पोहून आल्यावर तर लगेच, चेहरा हलकेच टिपून दोन बोटांच्या लांबीइतके सनस्क्रीन चेहऱ्याला व मानेला पुन्हा लावावे.