हे लिहिलं कोणी? : कृष्णवर्णीय लेखणीमागचा इतिहास

फेब्रुवारी महिना अमेरिकेत कृष्णवर्णीयांच्या इतिहासाचा महिना म्हणून पाळला जातो. फेब्रुवारीच का, याचं उत्तर एका माणसाला स्वतःची जन्मतारीख ठाऊक नव्हती या गोष्टीत दडलेलं आहे. गुलामगिरीविरुद्ध आयुष्यभर बोलणारे-लिहिणारे फ्रेडरिक डग्लस मेरीलँड राज्यात गुलाम म्हणून जन्माला आले, १८१८च्या सुमारास. गुलामांच्या पोरांचे वाढदिवस कोण लिहून ठेवणार? पुढे त्यांनी स्वतःच १४ फेब्रुवारी ही तारीख धरली. इतिहासकार कार्टर वुडसन यांनी १९२६मध्ये ‘निग्रो हिस्टरी वीक’ सुरू केला, तेव्हा डग्लस यांची ही तारीख आणि राष्ट्राध्यक्ष लिंकनची १२ फेब्रुवारी ही जन्मतारीख ज्या आठवड्यात येते तोच निवडला. १९७६पासून त्या आठवड्याचा महिना झाला. वुडसन यांचे आईवडील गुलामीत जन्मलेले. ते स्वतः तरुणपणी वेस्ट व्हर्जिनियाच्या कोळसा खाणींत राबले आणि लिहिता-वाचता न येणाऱ्या काळ्या खाणकामगारांना वर्तमानपत्रं वाचून दाखवत राहिले. १९१२मध्ये त्यांनी हार्वर्डची डॉक्टरेट मिळवली.

डग्लस यांचं एक वाक्य आज फार फिरतं : संघर्ष नसेल तर प्रगती नाही. उगवत्या सूर्याच्या चित्राखाली ते छान दिसतं. पण १८५७च्या ऑगस्टमधल्या त्या भाषणात लगेच पुढे जे येतं ते मला जास्त मोलाचं वाटतं. स्वातंत्र्य हवं पण चळवळ नको म्हणणाऱ्यांना, ते म्हणतात, जमीन न नांगरताच पीक हवं असतं, ढगांच्या गडगडाटाशिवाय पाऊस हवा असतो. हे बोलणाऱ्या माणसाला अक्षर कसं मिळालं ते पाहिलं की त्या वाक्याचं वजन कळतं.

लहानगा फ्रेडरिक बाल्टिमोरला ऑल्ड कुटुंबाकडे आला तेव्हा मालकिणीने, सोफिया ऑल्डने, त्याला हौसेने अक्षरं शिकवायला घेतली. मालकाला कळलं आणि त्याने ते तिथल्या तिथे बंद पाडलं. शिकला की हा गुलाम राहायचा नाही, कामातून जाईल, असं तो पोरासमोरच बायकोला म्हणाला. डग्लस लिहितात की गुलामीतून सुटायची वाट कुठून जाते ते त्या क्षणी कळलं. ज्याची मालकाला एवढी धास्ती, तेच मिळवायचं. मग खिशात पाव घेऊन तो रस्त्यावर जायचा, भुकेल्या गोऱ्या पोरांना तुकडा द्यायचा आणि बदल्यात धडा घ्यायचा. बाराएक वर्षांचा असताना साठवलेल्या ५० सेंटमध्ये त्याने ‘द कोलंबियन ओरेटर’ हे भाषणांचं पुस्तक विकत घेतलं. त्यात मालक आणि गुलाम यांचा एक संवाद आहे. गुलाम एकेक मुद्दा खोडून काढतो आणि शेवटी मालक त्याला मोकळं करतो. तो धडा त्याने किती वेळा वाचला असेल!

ही एका घरातली कटकट नव्हती, त्यामागे कायदे उभे होते. साउथ कॅरोलिनाने १७४०मध्येच गुलामांना लिहायला शिकवणं गुन्हा ठरवलं. नॉर्थ कॅरोलिनाच्या १८३०च्या कायद्याने तर कारणही उघड सांगितलं : लिहिता-वाचता आल्याने गुलामांच्या मनात असंतोष वाढतो आणि बंड होतं. शिकवणारा गोरा असेल तर दंड किंवा कैद, गुलाम असेल तर ३९ फटके. पुढच्याच वर्षी व्हर्जिनियात नॅट टर्नर या गुलामाच्या पुढाकाराने गुलामांचा उठाव झाला. टर्नर वाचू शकत होता, आणि त्यानंतर दक्षिणेतले निर्बंध आणखी आवळले गेले.

त्याच नॉर्थ कॅरोलिनात, ईडेंटन गावी, हॅरिएट जेकब्स होती. पहिल्या मालकिणीने तिला लहानपणी वाचायला शिकवलेलं. नंतरच्या घरातला डॉक्टर तिच्यामागे हात धुऊन लागला, तेव्हा १८३५मध्ये ती निसटली. पण गेली कुठे? गावातच, आजीच्या घरच्या माळ्यावर. नऊ फूट लांब, सात फूट रुंद आणि सर्वांत उंच जागी जेमतेम तीन फूट. ताठ बसणंही अशक्य. तिथे तिने जवळजवळ सात वर्षं काढली. गिरमिटाने पाडलेल्या भोकांतून ती खाली खेळणाऱ्या स्वतःच्या मुलांना पाहायची, आणि आई इतकी जवळ आहे हे त्यांना ठाऊक नव्हतं. त्या अंधारातून तिने डॉक्टरला पत्रं लिहिली. न्यूयॉर्कच्या एका वर्तमानपत्रातून तिथल्या रस्त्यांची नावं मिळवली, पत्रावर न्यूयॉर्कचा पत्ता घातला आणि ओळखीच्या माणसाकरवी ती उत्तरेतून टपालात टाकायची व्यवस्था केली. डॉक्टर तिला शेकडो मैलांवर शोधत राहिला.

अक्षर चोरून मिळालं तरी पुढे आणखी एक उंबरठा होताच : हे तुम्हीच लिहिलंत कशावरून? फिलिस व्हीटलीला १७६१मध्ये, सात-आठ वर्षांची असताना, आफ्रिकेतून बोस्टनला आणून विकलं. ज्या जहाजातून आणलं त्याचंच नाव तिला दिलं. विशीत तिने कवितासंग्रह सिद्ध केला, पण बोस्टनमध्ये तो निघेना. १७७३मध्ये तो लंडनला छापला गेला, तोही एका दाखल्यासह. या कविता याच मुलीने लिहिल्या आहेत असं गव्हर्नरसकट बोस्टनच्या १८ प्रतिष्ठितांनी त्यात सहीनिशी सांगितलं होतं. डग्लस सभांतून बोलू लागले तेव्हा लोक म्हणत, इतकं चांगलं बोलणारा गुलाम असूच शकत नाही. गुलामगिरीविरोधी चळवळीतल्या गोऱ्या मित्रांनीही सुचवलं की बोलण्यात थोडी मळ्यावरची भाषा राहू दे. उत्तर म्हणून १८४५मध्ये त्यांनी आत्मकथन छापलं, मालकांच्या खऱ्या नावांसह. शीर्षकपानावर स्पष्ट शब्द होते : स्वतः लिहिलेलं. तरीही आत सुरुवातीला दोन गोऱ्या पुढाऱ्यांची शिफारस लागलीच. नावं उघड झाल्याने ते पकडले जायची भीती होती, म्हणून ते आयर्लंड-इंग्लंडला गेले, आणि तिथल्या मित्रांनी पैसे जमवून त्यांची मुक्तता विकत घेतली.

गुलामीतून सुटून सभा गाजवणाऱ्या सोजर्नर ट्रुथच्या बाबतीत तर शब्दच बदलले. १८५१चं तिचं ओहायोतल्या ॲक्रनच्या स्त्री-हक्क परिषदेतलं भाषण ज्या ‘मी बाई नाही का?’ या प्रश्नाने ओळखलं जातं, तो प्रश्न त्याच वर्षी छापलेल्या वृत्तांतात नाही. तो आला १२ वर्षांनी, एका गोऱ्या कार्यकर्तीच्या लेखात, दक्षिणी बोलीत. ट्रुथ न्यूयॉर्क राज्यात डच बोलत वाढलेली होती.

‘फ्रीडम्स जर्नल’ या कृष्णवर्णीयांनी चालवलेल्या पहिल्या वर्तमानपत्राने १८२७च्या पहिल्याच अंकात म्हटलं होतं की आमचं गाऱ्हाणं आम्हीच मांडू, फार दिवस दुसरे आमच्या वतीने बोलले. त्या वाक्यामागची चीड या सगळ्यातून आलेली आहे.

मराठी वाचकाला हे परकं वाटू नये. जोतीराव फुल्यांनी १८७३मध्ये ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती गुलामगिरी संपवणाऱ्या अमेरिकेतल्या सत्पुरुषांना. त्यांच्या शाळेतली मुक्ता साळवे १८५५मध्ये, चौदाएक वर्षांची असताना, मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिते आणि तो छापून येतो अमेरिकन मिशनच्या ‘ज्ञानोदया’त. १९४६च्या जुलैत डॉ. आंबेडकरांनी कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. द्युबॉइस यांना पत्र लिहून संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या निग्रोंच्या अर्जाची प्रत मागितली. अस्पृश्य आणि निग्रो यांच्या स्थितीत इतकं साम्य आहे की त्यांचा अभ्यास आम्हाला गरजेचा आहे, असं त्यांनी कळवलं. द्युबॉइस यांनी त्याच महिन्यात उत्तर दिलं. १९७२मध्ये मुंबईत तरुण दलित कवी-कार्यकर्त्यांनी ‘दलित पँथर’ ही संघटना काढली तेव्हा नाव घेतलं ते अमेरिकेतल्या ब्लॅक पँथर्स या कृष्णवर्णीयांच्या संघटनेवरून.

हॅरिएट जेकब्सचं आत्मकथन १८६१मध्ये टोपणनावाने निघालं. पुढे शंभरावर वर्षं बहुतेक अभ्यासक ते कादंबरी समजत, त्याची संपादक असलेल्या गोऱ्या लेखिकेनेच रचलेली. जीन फेगन येलिन या संशोधिकेने १९८०च्या दशकात ते जेकब्सचंच असल्याचं सिद्ध केलं आणि १९८७मध्ये त्याची सटीप आवृत्ती काढली. पुराव्यात मोठा वाटा होता जेकब्सने रॉचेस्टरच्या मैत्रिणीला, एमी पोस्टला, लिहिलेल्या पत्रांचा. पोस्ट कुटुंबाने ती जपून ठेवली होती.