गुणक पद्धती (मोटार अपघात नुकसानभरपाई)

गुणक पद्धती : रस्ता अपघातात मृत्यू पावलेल्या व्यक्तीच्या अवलंबितांना द्यावयाची नुकसानभरपाई ठरविण्याची भारतातील रूढ न्यायिक रीत. मृताच्या मिळकतीतून कुटुंबाच्या वाट्याला दरवर्षी आली असती ती रक्कम (गुण्य) काढून तिला त्याच्या वयानुसार ठरलेल्या अंकाने (गुणक) गुणले जाते. मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम १६८ मध्ये न्यायाधिकरणाने ‘न्याय्य’ भरपाई द्यावी एवढेच म्हटले आहे. ती मोजण्याचा तपशील बव्हंशी न्यायालयीन निकालांतून घडला.

पद्धतीच्या उगमाबद्दल एकवाक्यता नाही. माणसाच्या मृत्यूबद्दल वारसांना दिवाणी दावा लावता येत नाही, ही इंग्लंडमधील जुनी भूमिका तेथे १८४६ च्या कायद्याने मोडीत निघाली आणि त्याच धर्तीवर भारतात १८५५ चा प्राणांतिक अपघात अधिनियम आला. गुणकाचे सूत्र मात्र त्या कायद्यांत नाही. सामान्यतः त्याचे श्रेय हाउस ऑफ लॉर्ड्सच्या (ब्रिटनचे तेव्हाचे सर्वोच्च न्यायालय) १९४२ मधील पॉवेल डफ्रिन कोळसा कंपनीविरुद्धच्या निकालाला दिले जाते. म्हणजे रस्ता अपघातांत आज सर्रास वापरली जाणारी ही रीत खाणकामगारांच्या मृत्यूच्या प्रकरणातून आलेली आहे. त्या निकालात न्यायाधीश लॉर्ड राइट यांनी मजुरीतून मृताचा स्वतःचा खर्च वजा करून उरणाऱ्या रकमेला काही वर्षांच्या पटीने गुणावे आणि भविष्यातील अनिश्चिततेपोटी त्यात योग्य ती घट करावी, असे सुचविले. हे नवे सूत्र नव्हते, जमिनीचे मोल वार्षिक उत्पन्नाच्या पटीत करण्याचा जुना प्रघातच येथे उतरला, असेही मत मांडता येते. तरी मृत्यूच्या दाव्यांपुरता १९४२ चा निकाल हा आरंभबिंदू मानणे अधिक सयुक्तिक दिसते. याला पर्याय ठरलेली दुसरी रीत प्रिव्ही कौन्सिलच्या (ब्रिटिश साम्राज्यातील अपिले ऐकणारे लंडनमधील न्यायमंडळ) १९५१ मधील ब्रिटिश कोलंबिया इलेक्ट्रिक रेल्वेच्या निकालात आढळते. तीत व्हायकाउंट सायमन यांनी मृत व्यक्ती एरवी किती वर्षे जगली असती याचा अंदाज प्रथम बांधून, त्या सर्व वर्षांची बेरीज करून, मग एकरकमी देण्याबद्दल सूट वजा केली. (दोन्ही निकाल आपापल्या वर्षाच्या ‘अपील केसेस’ या निकालसंग्रहात पृष्ठ ६०१ वरच सुरू होतात, त्यामुळे उद्धृत करताना गफलत होऊ शकते.)

भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने साठच्या दशकाच्या आरंभी या दोन्ही रीतींचा आधार घेतला होता, आणि नंतरच्या निकालांत बराच काळ विसंगती राहिली. केरळ राज्य मार्ग परिवहन महामंडळाच्या प्रकरणात न्यायालयाने गुणक पद्धतीलाच निःसंदिग्ध पसंती दिली. हा निकाल जानेवारी १९९३ मधील असून तो १९९४ च्या अहवालखंडात छापला गेला, म्हणून त्याचे वर्ष दोन्ही प्रकारे दिलेले आढळते. त्यात गुणकाची कमाल मर्यादा १६ मानली होती. १९९४ च्या दुरुस्तीने चालकाचा दोष सिद्ध न करता भरपाई देणारे कलम १६३-अ आणि तिच्या आकडेमोडीचा तक्ता असलेली दुसरी अनुसूची आली. पण अनुसूचीतील आकडेमोडच सदोष निघाली. १५ वर्षांपर्यंतच्या मृतासाठी गुणक १५ दिलेला असताना वार्षिक ३,००० रुपये उत्पन्नाला ४५,००० ऐवजी ६०,००० रुपये दाखविले होते. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये अशा चुका दाखवून दिल्या व कमाल गुणक १८ मानला.

सध्याचा तक्ता दिल्ली परिवहन महामंडळाच्या २००९ मधील निकालातील आहे. १५ ते २५ वयासाठी गुणक १८, २६ ते ३० साठी १७, तेथून उतरत ४६ ते ५० साठी १३, पुढे ११, ९, ७ आणि पासष्टीनंतर ५. मृताच्या वैयक्तिक खर्चापोटी अवलंबित दोन-तीन असल्यास एक तृतीयांश, चार ते सहा असल्यास एक चतुर्थांश, त्याहून अधिक असल्यास एक पंचमांश आणि मृत अविवाहित असल्यास सामान्यतः निम्मी वजावट होते. २०१७ मध्ये नॅशनल इन्शुरन्स कंपनीच्या प्रकरणात घटनापीठाने हा तक्ता कायम ठेवून भावी उत्पन्नवाढीचे प्रमाण ठरविले : चाळिशीच्या आतील कायम नोकरदारासाठी ५० टक्के, स्वयंरोजगारितासाठी ४० टक्के. उदाहरणार्थ, तीस वर्षांचा दुकानदार महिना २०,००० रुपये मिळवीत असेल आणि मागे पत्नी, दोन मुले व आई असतील, तर वाढीसह उत्पन्न २८,०००, वजावटीनंतर २१,०००, म्हणजे वर्षाला २,५२,००० रुपये. त्याला १७ ने गुणता ४२,८४,००० रुपये होतात. ही रक्कम सहा टक्के व्याजाने ठेवल्यास नुसते व्याजच वार्षिक गुण्याहून किंचित अधिक येते. मुद्दलही अखेरीस संपावे, या मूळ तत्त्वाशी ते जुळत नाही. परंतु व्याजदर घसरतात व महागाई वाढते हे ध्यानात घेता उच्च गुणकाचे समर्थन करता येते.

प्रत्यक्ष दाव्यात गुणकाबद्दल फारसा वाद उरत नाही. तो वयाच्या दाखल्यावर मिटतो. विमा कंपनी आणि वारस यांच्यात खरी झुंज उत्पन्नाच्या पुराव्यावर होते, विशेषतः पगारपत्रक किंवा आयकर विवरणपत्र नसलेल्या शेतकरी व मजुरांच्या बाबतीत. तेव्हा किमान वेतनाचा आधार घेऊन काल्पनिक उत्पन्न धरले जाते. गृहिणींसाठीही तसेच उत्पन्न धरतात. अनुसूचीने मात्र ते पतीच्या उत्पन्नाच्या एक तृतीयांश ठरविले होते, आणि त्यावर न्यायालयांनी टीका केली आहे.

चालकाचा दोष सिद्ध न करता मागावयाच्या भरपाईला ही पद्धती आता लागू नाही. २०१९ च्या दुरुस्तीने कलम १६४ खाली मृत्यूसाठी पाच लाख रुपयांची ठोक रक्कम ठेवली असून ती तरतूद १ एप्रिल २०२२ पासून अमलात आहे. त्याच दिवसापासून, धडक देऊन पळून गेलेल्या अज्ञात वाहनामुळे झालेल्या मृत्यूबद्दलची रक्कम २५,००० वरून दोन लाख रुपये झाली.