वावराच्या भांडणात पोलीस संरक्षण कसं मागायचं?

मृग लागला की हिश्शाची भांडणं धुऱ्यावर येतात. पेरायला गेलेल्या वहिनीला दीर आडवा होतो, म्हाताऱ्या बापावर पोरगा काठी उगारतो. ठाण्यात गेलं की ऐकायला मिळतं, "हा दिवाणी वाद आहे, कोर्टात जा."

हे अर्धंच खरं आहे. वावर कोणाचं हे पोलीस ठरवू शकत नाहीत. पण धमकी, मारहाण, जबरीने घुसणं, उभं पीक मोडणं हा फौजदारी मामला आहे. म्हणून ठाण्यातल्या अर्जात हिस्सा मागू नका, जिवाचं संरक्षण मागा.

माझ्याकडे एक विधवा बाई अर्ज घेऊन आली. त्यात एवढंच होतं, "दीर त्रास देतो, न्याय मिळावा." विचारत विचारत तो असा झाला: "सोमवारी सकाळी सातच्या सुमारास मी व मुलगा सरकी टोबायला गेलो असता दिराने धुऱ्यावर कुऱ्हाड दाखवून 'वावरात पाय ठेवला तर तोडून टाकीन' असे म्हटले. शेजारच्या दोघांनी पाहिले." तारीख, वेळ, जागा, तोंडचे शब्द, साक्षीदार. ठाणेदाराला कारवाईसाठी हेच लागतं.

अर्ज कोणीही करू शकतो, सातबाऱ्यावर नाव असलंच पाहिजे असं नाही. सोबत आधार, सातबारा, आठ-अ, फेरफार आणि असेल तर वाटणीपत्र किंवा मोजणीची क प्रत जोडा. मार लागला असेल तर आधी सरकारी दवाखान्यात तपासणी करून कागद घ्या. धमकीचा फोन रेकॉर्ड झाला असेल तर तो पुसू नका. अंगावर कोणी धावून येत असेल तेव्हा कागदं शोधत बसू नका, थेट 112 लावा.

अर्जाच्या दोन प्रती न्या आणि एकीवर शिक्का, तारीख, सहीसह पोच घ्याच. ती मागायला लाजू नका. प्रकार दखलपात्र, म्हणजे पोलीस कोर्टाच्या आदेशाशिवाय तपास करू शकतात असा असेल तर एफआयआर होते आणि तिची प्रत फुकट मिळते. अदखलपात्र असेल तर नोंद होते, पण तपासाला न्यायदंडाधिकाऱ्यांचा आदेश लागतो. एफआयआर घेतलीच नाही, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 173(4) प्रमाणे तीच तक्रार पोलीस अधीक्षकांना टपालाने पाठवा. तरीही दखल घेतली नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो.

दुसरा रस्ता तहसीलचा. कार्यकारी दंडाधिकारी याच संहितेच्या कलम 126 खाली समोरच्याकडून शांततेचं बंधपत्र, म्हणजे शांतता राखायची लेखी हमी घेऊ शकतात, ते जास्तीत जास्त एक वर्षाचं. ताब्यावरून मारामारीची वेळ आली असेल तर कलम 164, त्यात ताबा कोणाचा होता एवढंच दंडाधिकारी बघतात. इथे उशीर फार महागात पडतो. पोलिसांचा अहवाल किंवा खबर दंडाधिकाऱ्यांकडे पोचण्याआधीच्या दोन महिन्यांत जबरीने हुसकावलं असेल, तरच तुमचा ताबा कायम होता असं धरता येतं. मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खालचा तहसीलदारापुढे ताब्यासाठी करायचा दावाही सहा महिन्यांच्या आत लावावा लागतो. "घरातलंच आहे, मिटेल" म्हणत लोक हंगाम घालवतात आणि मुदत निघून जाते.

मालकी आणि वाटणीसाठी दिवाणी न्यायालयच. तिथून मनाई हुकूम मिळाला की त्याची प्रत ठाण्यात द्या, मग पोलिसांकडे मदत मागणं सोपं होतं. बाईमाणसाला उत्पन्न कितीही असो, वकील मोफत मिळतो. त्यासाठी तालुका विधी सेवा समितीत जा, नाहीतर 15100 वर फोन करा.