लिन डॅन आणि पाच ग्रॅमचं फूल

बॅडमिंटनचं एक फूल हातात घ्या. नवं असेल तर उत्तमच, पण हॉलच्या कोपऱ्यात पडलेलं, एखादं पीस तुटलेलं असलं तरी चालेल. अर्धगोल बुचात रोवलेली १६ पिसं, त्यांना बांधून ठेवणारे दोऱ्याचे वेढे आणि सगळ्याचं मिळून वजन पाच ग्रॅमच्या आसपास. नियमाप्रमाणे ते ४.७४ ते ५.५० ग्रॅममध्ये बसावं लागतं. आता जरा डोळ्यांजवळ आणून बघा. प्रत्येक पीस शेजारच्या पिसावर एकाच बाजूने चढलेलं दिसेल, कारण एका फुलात पक्ष्याच्या एकाच बाजूच्या पंखाची पिसं वापरतात. म्हणूनच फूल उडताना स्वतःभोवती गिरकी घेतं आणि ती गिरकी नेहमी एकाच दिशेची असते.

चीनच्या लिन डॅनने या पाच ग्रॅमच्या वस्तूवर जवळपास २० वर्षं राज्य केलं. २००८ आणि २०१२ अशी लागोपाठ दोन ऑलिंपिक सुवर्णपदकं, पाच जागतिक विजेतेपदं आणि ऑल इंग्लंड या मानाच्या स्पर्धेची सहा. पुरुष एकेरीत असा दुसरा माणूस मला दिसत नाही. त्याच्या ताकदीबद्दल आणि जिगरीबद्दल भरपूर लिहिलं गेलंय. पण तो इतकी वर्षं कसा टिकला, याचं निम्मं उत्तर मला या फुलाच्या उडण्यात दिसतं.

चेंडूसारखं फूल उडत नाही. पिसांचा तो पोकळ शंकू हवेला इतका अडवतो की फूल कितीही उंचावरून सोडा, पडताना त्याचा वेग सेकंदाला सुमारे ६.८ मीटरच्या, म्हणजे ताशी २४-२५ किलोमीटरच्या पुढे जात नाही. आणि हवेचा विरोध वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. वेग दुप्पट झाला की विरोध चौपट. त्यामुळे जितक्या जोरात माराल तितक्या जोरात हवा त्याला मागे खेचते. मागच्या रेषेवरून मारलेला उंच टॉस आठवा. वर जाताना फूल तिरपं सुसाट जातं आणि पलीकडे गेल्यावर जवळजवळ सरळ खाली पडतं, जणू मध्येच एखाद्या अदृश्य भिंतीला थडकलंय.

२०२३ मध्ये आपल्या सात्विकसाईराज रंकीरेड्डीने जपानमध्ये ताशी ५६५ किलोमीटरचा स्मॅश, म्हणजे वरून खाली हाणलेला जोरदार फटका, मारून जागतिक विक्रम केला, हे बऱ्याच जणांना आठवत असेल. हा वेग रॅकेट सोडतानाचा. तो पुढे टिकत नाही. साधारण दर ४.७ मीटरला फुलाचा वेग घटून सुमारे ३७ टक्क्यांवर येतो.

यावरून एक छोटं गणित करून पाहू. ढोबळ आहे, पण त्यातून बरंच काही उलगडतं. समजा दोन खेळाडू आहेत. एकाचा स्मॅश ताशी ३०० किलोमीटरचा, दुसऱ्याचा ३६०चा. समोरचा ९.४ मीटर अंतरावर उभा आहे. पहिल्याचं फूल त्याच्यापर्यंत ०.३६ सेकंदात पोचतं, दुसऱ्याचं ०.३० सेकंदात. सुरुवातीला ताशी ६० किलोमीटरचा फरक होता. पोचेपर्यंत त्यातला जेमतेम आठ उरतो, आणि एवढ्या मेहनतीची कमाई सेकंदाचे सहा शतांश. आता ३००वाल्यालाच एक मीटर पुढे येऊन फूल घ्यायला सांगा. त्याचं फूल ०.२८ सेकंदात पोचतं. म्हणजे सेकंदाचे आठ शतांश वाचले. दंडात ताशी ६० किलोमीटर वाढवण्यापेक्षा एक मीटर आधी फुलाखाली पोचणं जास्त फायद्याचं! डोळ्यांनी पाहून हालचाल सुरू करायलाच माणसाला सेकंदाचा सुमारे पाचवा हिस्सा लागतो, तिथे आठ शतांश म्हणजे फार मोठी गोष्ट.

लिन डॅनच्या पायांकडे पाहताना हे गणित डोक्यात ठेवावं. समोरचा फटका मारतो त्याच क्षणी तो दोन्ही पायांवर जेमतेम दिसेल अशी उडी घेतो. टेकताना पोटऱ्या आणि टाचेवरची शीर ताणली जाते, ताणलेल्या रबरासारखी ऊर्जा साठवते आणि पुढच्या क्षणी त्याला हव्या त्या दिशेला ढकलते. आपल्याकडे कोचिंगला जाणाऱ्या प्रत्येक मुलाला ही उडी शिकवतात. पण दीड तासाच्या सामन्यात, शेवटच्या गेममध्ये, प्रत्येक फटक्याला ती अचूक क्षणी पडणं ही वेगळीच तपश्चर्या आहे.

१९८३ मध्ये फुजियान प्रांतातल्या लोंगयान गावी जन्मलेला हा मुलगा पाचव्या वर्षी रॅकेट धरू लागला आणि लहानपणीच सैन्याच्या क्रीडासंघात दाखल झाला. २००४ मध्ये तो जगात पहिल्या क्रमांकावर होता, पण त्याच वर्षी अथेन्स ऑलिंपिकच्या पहिल्याच फेरीत सिंगापूरच्या रोनाल्ड सुसिलोकडून हरला. तेव्हाचा लिन डॅन म्हणजे उसळता जोर. मागून उडी मारून स्मॅश आणि लगेच पुढे झेप. २००६ मध्ये गुणांची पद्धत बदलली. सर्व्हिस कोणाचीही असो, प्रत्येक रॅलीला, म्हणजे सर्व्हिसपासून फूल पडेपर्यंतच्या खेळाला, गुण मिळू लागला आणि गेम २१ गुणांचा झाला. आता एक हावरा फटका बाहेर गेला की थेट गुण जाणार. त्याच वर्षी तो माद्रिदमध्ये पहिल्यांदा जगज्जेता झाला. २००८ ला बीजिंगच्या अंतिम सामन्यात त्याने मलेशियाच्या ली चोंग वेईला २१-१२, २१-८ असं हरवलं आणि पुढच्याच वर्षी हैदराबादेत, आपल्या मातीत, तिसऱ्यांदा जगज्जेता झाला.

माझा सर्वात आवडता लिन डॅन मात्र त्यानंतरचा. वय वाढतं तसे स्नायूंतले झटपट आकुंचन पावणारे तंतू मंदावू लागतात, उडीची उंची घटते आणि दमल्यावर शरीर सावरायला जास्त वेळ घेतं. त्यावर त्याने उपाय शोधला तो चकव्याचा. मागच्या कोपऱ्यात तो हात उचलतो तेव्हा खांदा, कोपर, रॅकेट सगळं स्मॅशचंच असतं. शेवटच्या क्षणी मनगटापाशी किंचित फरक पडतो आणि फूल नेटजवळ अलगद उतरतं. ब्रूस अ‍ॅबरनेथी आणि डेव्हिड रसेल यांनी १९८७ मध्ये बॅडमिंटनवरचे प्रयोग प्रसिद्ध केले होते. फटक्याचं चित्रीकरण मध्येच तोडून ते खेळाडूंना विचारत, आता फूल कुठे पडेल? नवखे फक्त रॅकेटवरून अंदाज बांधत. कसलेले खेळाडू त्याच्याही आधी, दंडाच्या हालचालीवरून ओळखत. मुरलेला खेळाडू तुमचा हात वाचतो, मग त्या हातानेच त्याला खोटं सांगायचं. लिन डॅन तिशीत हेच करत होता.

त्यात तो डावखुरा. वर सांगितलेली ती एकाच बाजूने चढलेली पिसं आठवा. उजव्या हाताने फूल कापलं, म्हणजे रॅकेट तिरकी घासून मारलं, की गिरकी एका दिशेला मिळते, डाव्या हाताने कापलं की उलट दिशेला, पण फुलाची स्वतःची गिरकी दोघांसाठी एकच. म्हणजे डावखुऱ्याचा कट हा उजव्याच्या कटाचं आरशातलं प्रतिबिंब नसतोच. उजव्या खेळाडूंशी खेळून डोळ्यांना झालेली सवय त्याच्यापुढे थोडीशी फसते.

हवेचाही खेळ असतो. हवा तापली की विरळ होते, फूल लांब जातं. म्हणून स्पर्धेत फुलाचा वेग तपासतात. मागच्या रेषेवरून खालून पूर्ण जोराने मारलेलं फूल पलीकडच्या मागच्या रेषेच्या ५३० ते ९९० मिलिमीटर अलीकडे पडलं पाहिजे. २०१३ ची जागतिक स्पर्धा ग्वांगझूत ऑगस्टच्या उकाड्यात झाली. लंडन ऑलिंपिकनंतर लिन डॅन स्पर्धांपासून जवळजवळ दूरच होता आणि वाइल्ड कार्डवर, म्हणजे आयोजकांनी दिलेल्या खास प्रवेशावर, आत आला होता. अंतिम सामन्यात पुन्हा ली चोंग वेई. तिसऱ्या गेममध्ये २०-१७ असताना लीच्या पायात गोळे आले आणि त्याला सामना सोडावा लागला. लांबच लांब रॅलींमध्ये कोण कोणाला किती पळवतो याचा हिशेब शेवटी असा शरीरात जमा होतो.

या दोघांच्या ४० लढती झाल्या, लिनने २८ जिंकल्या. नुसत्या आकड्यावरून वाटतं तसा हा एकतर्फी मामला नव्हता. २०११ ची जागतिक अंतिम लढत तिसऱ्या गेममध्ये २३-२१ ने सुटली, लंडन ऑलिंपिकची २१-१९ ने. आणि २०१६ च्या रिओ ऑलिंपिकच्या उपांत्य सामन्यात ली २२-२० ने जिंकला. त्या सामन्यानंतर दोघांनी एकमेकांचे शर्ट बदलून घेतले. लीला ऑलिंपिक सुवर्ण कधीच मिळालं नाही याची हळहळ लिनच्या चाहत्यांनाही वाटते, मला तर वाटतेच.

आपल्या किदांबी श्रीकांतने २०१४ च्या चायना ओपनच्या अंतिम सामन्यात लिनला त्याच्याच फुजियान प्रांतात सरळ गेममध्ये हरवलं, तेव्हा आता हा थकला असं अनेकांना वाटलं. २०१६ मध्ये ३२ व्या वर्षी तो सहाव्यांदा ऑल इंग्लंड जिंकला. मोठ्या स्पर्धांपैकी एकच हाती लागायची राहिली होती, मलेशिया ओपन, लीच्या घरची. २०१७ च्या एप्रिलमध्ये, कुचिंगला, ३३ वर्षांच्या लिनने लीला २१-१९, २१-१४ असं नमवून तीही घेतली.