सातपुड्यातले पंच आणि सरकारचा कायदा

देज, म्हणजे वराकडून वधूच्या घरच्यांना दिली जाणारी रक्कम, देऊन लग्न झालं आणि मुलगी माहेरी परत आली, तर देजाचं काय? नंदुरबार जिल्ह्यातल्या धडगाव-अक्कलकुव्याच्या आदिवासी पाड्यांवर असा वाद पोलीस ठाण्याआधी पंचांपुढे जातो. दोन्हीकडची जाणती माणसं बसतात, बोलणं दिवसभर चालतं, रक्कम खाली-वर होते. तोड निघाली की मोहाच्या दारूची धार आधी जमिनीवर सोडतात, मग दोन्ही पक्ष एकत्र पितात. त्यानंतर तो विषय उकरायचा नाही. शिक्षेपेक्षा सोयरीक टिकवण्याकडे या बैठकीचा कल असतो, आणि तेच तिचं खरं बळ आहे.

१८१८ मध्ये खानदेश इंग्रजांकडे गेला. घाटवाटा राखणाऱ्या भिल्ल नाईकांना फौजेने मोडता येईना, तेव्हा १८२५ मध्ये भिल्लांचा कारभार पाहणारी भिल्ल एजन्सी आणि इंग्रज अधिकारी जेम्स आउट्रमची भिल्ल पलटण आली. भिल्लांना माफी, जमीन, तगाई (शेतीसाठी सरकारी कर्ज) मिळाली. पण ज्या नाईकाचा शब्द लोक मानत, तो आता सरकारला जबाबदार झाला.

त्याहून मोठा घाव सावकारीचा. आपसातलं भांडण पंच मिटवत, पण जमीन बळकावणारा सावकार त्यांच्यापुढे कशाला येईल? तो कोर्टात जाई आणि तिथे अंगठा उठवलेला कागद जिंके. त्या अन्यायातूनच १९७२ च्या सुमारास शहाद्यात आदिवासी नेते अंबरसिंग सुरतवंती आणि श्रमिक संघटनेचा लढा उभा राहिला. आदिवासींच्या जमिनी परत करण्याचा राज्याचा कायदा १९७४ चा. याच चळवळीत बायकांनी दारूचे मडके फोडले, नवऱ्याच्या मारहाणीचा जाब चारचौघांत विचारला. पंचांच्या बैठकीत त्यांना आजवर कुणी विचारलं नव्हतं, हे विसरून परंपरेचं कौतुक करणं मला पटत नाही.

२४ डिसेंबर १९९६ चा पेसा, म्हणजे आदिवासी (अनुसूचित) भागातल्या पंचायतींचा केंद्राचा कायदा, या सगळ्यानंतर आला. अनुसूचित क्षेत्रातल्या ग्रामसभेला वाद मिटवण्याची रूढ पद्धत जपण्याचा अधिकार त्यात आहे. महाराष्ट्राचे नियम यायला मात्र २०१४ उजाडलं. इथे एक फरक लक्षात घ्यावा: कायद्याने अधिकार दिला तो ग्रामसभेला, म्हणजे मतदारयादीतल्या प्रत्येक बाईलाही. जुन्या पंचांना नाही. आणि एखादीला डाकीण ठरवण्याचा निवाडा तर कुणाच्याच हातात नाही. २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने तो गुन्हा आहे.